मुकं पिक्चर गावात दाखवायचं असेल तर

आधी पडदा. मी पंचवीस वर्षं ब्लाउज शिवते, तेव्हा मला त्यातलंच जास्त कळतं.

पडद्याला मांजरपाट घ्या. टेरिकॉटची चादर चमकते आणि बाजूला बसलेल्यांना चेहऱ्याच्या जागी उजेडाचा डाग दिसतो. कापड आणल्याबरोबर शिवायला बसू नका. रात्रभर पाण्यात घाला, वाळवा, मग कापा, कारण मांजरपाट आटतं. जुन्या मुक्या चित्रपटांची चौकट चारास तीन अशी असते, म्हणजे १२ फूट रुंद पडदा असेल तर उंची ९ फूट. ३६ इंची पन्ह्याच्या तीन पट्ट्या आडव्या जोडल्या की तेवढं होतं. पट्ट्या चार-चार मीटरच्या, एकूण १२ मीटर कापड. मोठ्या पन्ह्याच्या दोन पट्ट्यांत काम भागतं, पण मग शिवण बरोबर मधोमध येते आणि पूर्ण दीड तास नायिकेच्या नाकावरून जाते. पहिल्या वेळी मी तेच केलं होतं. सगळीकडून चार बोटं काळ्या अस्तराची किनार लावा, त्यानं चित्र उठून दिसतं. खालच्या कडेला नेफा ठेवा आणि त्यात बांबू सरकवा, म्हणजे वाऱ्यानं पडद्याचं शीड होत नाही.

दाखवायचं काय, हे आमच्याकडे वाचनालयातल्या भाऊंनी ठरवलं. ‘द स्कार्लेट लेटर’, १९२६ चा. अमेरिकेतल्या एमजीएम कंपनीचा चित्रपट, दिग्दर्शक व्हिक्टर स्योस्त्रोम हा स्वीडनचा माणूस, आणि नायिका लिलियन गिश. गोष्ट नॅथॅनिएल हॉथॉर्न यांच्या १८५० च्या कादंबरीवरची. जुन्या बॉस्टनमध्ये कडक सोवळ्याचे ख्रिस्ती लोक राहतात. तिथली हेस्टर ही बाई, नवरा बेपत्ता, तिला मूल होतं. बाप कोण ते ती सांगत नाही. मग गाव तिला आयुष्यभर छातीवर ‘ए’ हे लाल अक्षर लावून फिरायची शिक्षा देतं. आणि त्या मुलाचा बाप असतो गावाचा पाद्री, ज्याच्या तोंडून दर रविवारी अख्खं गाव धर्म ऐकतं.

मला हे पिक्चर पटलं ते वेगळ्या कारणानं. हेस्टर शिवणकाम करणारी आहे. कादंबरीत तर ते अक्षर तिनं स्वतः सोनेरी जरीनं इतकं देखणं काढलेलं आहे की बघणाऱ्या बायांना राग येतो. शिक्षा म्हणून दिलेल्या कापडावरसुद्धा जिचा हात वाईट टाका घालत नाही, ती बाई मला लगेच ओळखीची वाटली.

हक्काचं विचाराल तर आपल्या कायद्यात चित्रपटाचा हक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षं राहतो, तो कधीच संपला. अमेरिकेतही हा चित्रपट २०२२ च्या सुरुवातीपासून सगळ्यांसाठी मोकळा आहे. मात्र इंटरनेटवरच्या प्रतीला पुष्कळदा कुणीतरी अलीकडे नवं संगीत लावलेलं असतं, त्याचा हक्क वेगळा. म्हणून प्रत उतरवून घ्या आणि आवाज सरळ बंद करा. आपली पेटी-खंजिरी आहेच. माणसं मुंग्यांसारखी तुरुतुरु पळताना दिसली तर समजा प्रत वेगात चालली आहे. मोबाइलवर किंवा लॅपटॉपवर वेग पाऊणपट करून बघा. प्रोजेक्टर लावल्यावर चित्र आपोआप ताणून रुंद होतं, तेही सेटिंगमध्ये जाऊन चारास तीन करा. नाहीतर सगळे चेहरे भाकरीसारखे थापलेले दिसतात.

आता दिवस. सोयाबीनच्या सोंगणीत कुणी येणार नाही, कापसाच्या पहिल्या वेचणीतही नाही. दिवाळीनंतर कार्तिक-मार्गशीर्ष बरा. पावसाळ्यात उजेडावर इतके किडे येतात की पडदा चालतो आहे असं वाटतं. थंडी पडली की ते कमी होतात. चांदणं नको, पण म्हणून अवसेचा दिवस धरू नका, आमच्याकडे म्हाताऱ्या बाया अवसेला रात्रीच्या बाहेर पडत नाहीत. वद्य षष्ठी-सप्तमी धरा. तेव्हा चंद्र रात्री दहा-अकराच्या सुमारास उगवतो, तोवर आपलं आटोपतं. साडेसातला सुरू केलंच पाहिजे, कारण रात्री दहानंतर भोंगा लावता येत नाही. ग्रामपंचायतीला लेखी अर्ज द्या, आणि भोंग्यासाठी पोलीस ठाण्याची परवानगी वेगळी घ्या. तोंडी ‘करा ना, काय होते’ यावर राहू नका. आम्ही राहिलो होतो, आणि ऐन दिवशी शाळेची किल्ली ज्यांच्याकडे, ते बाहेरगावी निघून गेले.

परवानगीपेक्षा लोकांची संमती जड जाते. ‘बाईला लेकरू होते अन् नवरा तिथं नसते, हे पिक्चर गावात दाखवता?’ हा प्रश्न मला तीन घरांत आला, तिन्ही ठिकाणी माणसांनी विचारला. त्यावर मी त्यांना लिलियन गिशची हकीकत सांगायची. तिला ही कादंबरी करायची होती तेव्हा कंपनीचे मालक लुई मेयर नाही म्हणाले, कारण चर्चवाल्यांचा विरोध होईल. तेव्हा तिनं स्वतः चर्चच्या संघटनांना आणि महिला मंडळांना पत्रं लिहिली आणि त्यांची हरकत दूर केली. मग माझीही पत्रं झाली, फक्त पायी. बचत गटाच्या बैठकीत बोलले, भजनी मंडळाच्या बुवांकडे गेले, सरपंचबाईंच्या सासूला आधी भेटले. सासूचं काम अर्ध्याहून जास्त असतं.

एका आजोबांनी विचारलं, बाईमाणसानं अशा कामात पडावं काय? माझे सासरे दंडारीत, म्हणजे आमच्याकडच्या लोकनाट्यात, बाईचं काम करायचे, लुगडं नेसून, आणि सगळं गाव त्यांना ‘काय चाल आहे’ म्हणायचं. आपल्या चित्रपटाची सुरुवातही तशीच. दादासाहेब फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये, १९१३ साली, तारामती झाले होते अण्णा साळुंके, कारण कुठली बाई पडद्यावर यायला तयार नव्हती. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई आल्या. आजोबांना एवढं सांगितलं. ते म्हणाले, ‘साळुंके दिसायला बरा असन.’ आणि दोन्ही दिवस पहिल्या रांगेत येऊन बसले.

विजेचं थोडक्यात. संध्याकाळी पंप सुरू झाले की गावात दाब उतरतो, म्हणून स्टॅबिलायझर हवाच. जनरेटर आणलात तर शाळेच्या मागे, दीडशे फुटांवर, भिंतीआड ठेवा; बोलत्या पिक्चरमध्ये खपून जातो, मुक्यात डोकं उठवतो. १२ फुटी चित्राला साधा प्रोजेक्टर अंदाजे १८ फुटांवर लागतो, तेव्हा टेबलाची जागा सतरंज्या घालायच्या आधी ठरवा. आणि बाया मागे, माणसं पुढे असं होऊ देऊ नका. मधे वाट ठेवून दोन्ही बाजू समोरून सुरू करा. पोट्टे पडद्याच्या मागे जाऊन बसतात, त्यांना सगळं उलटं दिसतं. बसू द्या.

इथवरचं कुणीही जमवेल. खरी मेहनत पाट्यांची आहे.

मुक्या पिक्चरमध्ये मधेमधे काळ्यावर पांढरी इंग्रजी अक्षरं येतात, त्याला आम्ही पाटी म्हणतो. पाट्या वाचायला माणूस लागतो. पूर्वी आपल्याकडेही लागायचा, जपानात तर त्या लोकांना बेन्शी म्हणत आणि त्यांच्या नावावर गर्दी व्हायची. आमच्याकडे ते काम माझ्याकडे आलं, आवाज मोठा म्हणून. भाऊंनी आणि मी तीन संध्याकाळी बसून वही केली. प्रत्येक पाटीला चित्र थांबवायचं, वेळ टिपायची, समोर मराठी लिहायचं. पाटी पाच ते सात सेकंद असते. तेवढ्यात दहा-बारा शब्दच बसतात. पहिल्या वहीत मी पंचवीस-पंचवीस शब्द लिहिले होते, आणि पाटी गेली तरी माझं चालूच. तिकडे हेस्टर रडते आहे, इकडे मी तिच्या आधीच्या वाक्यात. वही झाली की घड्याळ लावून मोठ्यानं वाचा आणि शब्द कापत जा, जसं कमरेला कापड कापतो.

भाषा कुठली? भाऊ म्हणाले, सगळं पुस्तकी ठेवू. मी म्हटलं, सगळं वऱ्हाडीत करू. दोन्ही जमलं नाही. शेवटी असं ठरलं की गावचे कारभारी आणि शिक्षा देणारे बोलतील ते पुस्तकी मराठीत, कारण तहसीलात, कोर्टात आपल्याशी तसंच बोलतात. हेस्टर आणि तो गाइल्स, जो हसवायला आहे, ते वऱ्हाडीत. पाद्री गावापुढे उभा असला की पुस्तकी, हेस्टरजवळ एकटा असला की आपल्यासारखा. हे लोकांना सांगायची गरज पडली नाही. पाद्र्याची भाषा बदलली की बायांच्या बाजूनं हुंकार यायचा.

नावं बदलू नका. ‘हेस्टर’ची ‘हौसा’ करायचा मोह होतो. मी पाद्र्याला पहिल्या वेळी ‘महाराज’ म्हटलं, तर एका गृहस्थांनी ते स्वतःच्या गुरूंवर घेतलं आणि उठून गेले. पाद्री म्हणजे पाद्री. लोक म्हणतील, ‘हे त्यांच्या धर्मातलं आहे, आपल्याकडं असं नाही.’ म्हणू द्या. ते वाक्य साधारण अर्धा तास टिकतं.

माझी सगळ्यात मोठी चूक हीच की मी पाटी नसतानाही बोलत होते. सुरुवातीलाच रविवारी चर्चची घंटा वाजते, हेस्टरचं पाखरू पिंजऱ्यातून उडतं, ती त्याच्यामागे धावते. प्रार्थनेच्या दिवशी हसत धावली म्हणून तिला खोड्यात अडकवतात. मी माइकवर सुरू झाले: बघा, पाखराला मोकळीक आहे, बाईला नाही, आपल्याही समाजात वगैरे वगैरे. कीर्तनकार झाले होते मी. तेवढ्यात मागून एक म्हातारी ओरडली, ‘पुढं काय होते ते सांगू नको वो बाई, आमचं आम्ही पाहून रायलो ना!’ सगळे हसले, मी गप्प झाले, आणि मग मला ऐकू यायला लागलं की लोक आपसांत काय बोलत आहेत.

एक प्रसंग आहे. हेस्टर ओढ्यावर आतले कपडे धुते आहे, तेवढ्यात पाद्री येतो, आणि ती ते कपडे लपवायला बघते, कारण परक्या पुरुषाच्या नजरेस पडायला नकोत. त्याला माझ्या वहीत दोन ओळींचं स्पष्टीकरण होतं. दुसऱ्या वेळी ते खोडलं. बायांच्या बाजूला आधी एक फिसकन हसली, मग दहा, मग सगळ्या. आमच्या गावात एकही बाई परकर-ब्लाउज उघड्यावर वाळत घालत नाही, वर टॉवेल टाकते. मला माहीत आहे, मीच शिवते ते. माणसांच्या बाजूला काय झालं ते कळलंच नाही. तो हशा चालला असताना पेटीसुद्धा बंद ठेवा.

दुसरी हमखास हसायची जागा म्हणजे गाइल्स आणि त्याची ती, घरच्यांसमोर बसून लांब पोकळ नळीतून प्रेमाचं बोलतात ते. एवढं कडक सोवळं की कुजबुजायलाही नळी. एक पोट्टा म्हणाला, ‘व्हॉट्सॲप होय बे ते.’

वाद्यांची वाटणी आम्ही अशी केली. घंटेला शाळेची घंटा, म्हणजे टांगलेला रुळाचा तुकडा. देवळातली मागू नका, उगाच विषय वाढतो. पाखराला बासरी. कपडे धुण्याला जात्यावरच्या ओवीची चाल, नुसती पेटीवर, शब्द नकोत. शिक्षेच्या प्रसंगाला एकटी खंजिरी, हळू, एकसारखी. हा राष्ट्रसंतांच्या खंजिरीचा मुलूख आहे, वर्धा नदीपलीकडे गुरुकुंज मोझरी, तेव्हा वाजवणारे घरोघरी सापडतील. अडचण त्यांना थांबवायची असते. बुवांना एकच अट घाला: ओळखीच्या भजनाची चाल वाजवायची नाही. वाजली की लोक टाळ्या धरतात आणि पिक्चरचा सप्ताह होतो. शेवटी पाद्री सगळ्या गावासमोर चौथऱ्यावर चढून कबूल करतो, छाती उघडी करतो आणि त्याच्याही छातीवर तेच अक्षर डागलेलं दिसतं, तिथे काहीही वाजवू नका. बुवांना भैरवी हवी होती. पंधरा मिनिटं भांडलो, मग त्यांनी पेटीचा भाता बंद करून वर हात ठेवला.

वीज जाईलच, तेव्हा कुठे गेली तर काय करायचं हेही धरून ठेवा. आमची पहिल्या वेळी गेली ती नेमकी हेस्टर लेकरू घेऊन सगळ्यांपुढे उभी असताना. जनरेटर तेव्हा नव्हता. चाळीस मिनिटं अंधार. मी घाबरले होते की लोक उठतील. कुणी उठलं नाही. तिथल्या तिथे न्यायपंचायत बसली. ‘नवरा कुठं होता पण?’ ‘तो काहून बोलत नाही वो, तोंड शिवलं काय त्याचं?’ ‘ही तरी काहून सांगत नाही?’ ‘सांगून काय होते, तोही जाते अन् हीही.’ एकीनं विचारलं, ‘रंग कोणता होता वो त्या अक्षराचा?’ दुसरी म्हणाली, लाल. पिक्चर काळंपांढरं आहे, तिला लाल कुठून दिसला? पण कुणालाच ते खटकलं नाही, सगळ्यांनी लालच पाहिला होता.

मग तीच म्हातारी, माझ्यावर ओरडलेली, अंधारात म्हणाली, ‘आपल्याकडं कायले अक्षर लागते? गाव त बिनअक्षराचंच वाचते.’ आणि तिनं तिच्या माहेरच्या एका बाईची गोष्ट सांगितली, जिला विहिरीवर रांगेत सगळ्यात शेवटी उभं राहावं लागायचं, तिची घागर खाली ठेवली की बाजूच्या बाया आपल्या उचलून घ्यायच्या. कारण काय होतं ते म्हातारीनं सांगितलं नाही. कुणी विचारलंही नाही. वीज आली तेव्हा पिक्चर दोन मिनिटं मागे घेऊन लावलं. तेवढं मागे घ्याच, धागा सुटलेला असतो.

त्या रात्री एका मुलीनं विचारलं, असं वाळीत टाकलं तर आता काही कायदा आहे का? मला सांगता आलं नाही. म्हणून दुसऱ्या वेळी भाऊंनी कागदावर लिहून आणलं होतं: महाराष्ट्राचा सामाजिक बहिष्काराविरुद्धचा कायदा २०१६ चा आहे, २०१७ पासून लागू, तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. तो कागद तुम्हीही खिशात ठेवा, पण कुणी विचारलं तरच काढा. पिक्चर संपल्यासंपल्या माइकवर वाचून दाखवाल तर लोक चपला शोधायला लागतील.

कुणी म्हणेल, परदेशी माणसं, आपल्याला काय कळणार. त्यांना हे सांगा की पाद्र्याचं काम करणारा लार्स हॅन्सन स्वीडिश होता. कॅमेऱ्यासमोर तो स्वीडिशमध्ये बोलायचा आणि लिलियन गिश इंग्रजीत उत्तर द्यायची. मुकं असल्यामुळे ते चालून गेलं. प्रेमाच्या प्रसंगात दोघं दोन भाषांत बोलताहेत हे आधी सांगितलं तर लोक ओठांकडेच बघत बसतात, म्हणून ही गंमत शेवटी सांगायची.

संपल्यावर दिवे लगेच लावू नका. प्रोजेक्टर बंद केला तरी त्याचा पंखा पाच मिनिटं फिरू द्यावा लागतो, वायर ओढली तर दिवा जातो. त्या पाच मिनिटांत माइक बंद ठेवा आणि पडद्याजवळ उभ्या राहा किंवा राहा उभे. जे काय बोलायचं ते लोक तेव्हाच बोलतात, आणि तेही एकमेकांशी. दुसऱ्या वेळी पहिल्या रांगेतले ते साळुंकेवाले आजोबा बराच वेळ कोऱ्या पडद्याकडे बघत होते. मग म्हणाले, ‘पाद्री लय उशिरा बोलला बाप्पा.’ शेजारच्या बाईनं पदर खोचत उत्तर दिलं, ‘तो मरासाठी बोलला. जगासाठी बोलला असता त काही होतं.’

पडदा दुसऱ्या दिवशी थंड पाण्यात धुवा, थोडी नीळ घाला, घडी न घालता बांबूलाच गुंडाळून ठेवा. किनार माझी दोन ठिकाणी उसवली होती, पोट्ट्यांनी मागून ओढली असेल. टीप घालून ठेवली आहे. गव्हाचं पेरणं झालं की शेजारच्या गावानं मागितला आहे.